तिलिस्माचे आयुष्य : कल्पित सृष्टीतील अटळ क्षणाविषयी

१

अद्भुतरम्य वाङ्मयाचा विचार करताना आपल्या समीक्षेचे लक्ष बहुधा स्थळाकडे जाते. मायावी नगरे, रक्ताच्या नद्या, धुराचे पूल, बोलणारे पुतळे यांची वर्णने उद्धृत केली जातात आणि कल्पनेच्या भरारीचे कौतुक करून, किंवा तिच्याविषयी नापसंती दर्शवून, विषय संपवला जातो. अशा सृष्टीला स्वतःचा काळ असतो, त्या काळाला आरंभ आणि अंत असतो, आणि त्यातील काही क्षण कोणालाही हलवता येऊ नयेत अशा रीतीने आधीच रोवून ठेवलेले असतात, ही गोष्ट मात्र दुर्लक्षित राहते. वस्तुतः अशा सृष्टीची घडण समजून घ्यायची तर तिच्या नकाशापेक्षा तिचे पंचांग अधिक उपयोगी पडते. कोणती घटना टळू शकते आणि कोणती टळू शकत नाही, याविषयी कथाकार आणि श्रोते यांच्यात एक अलिखित करार असतो. कथेतील माणसांच्या कृतींचे मोल त्या करारावर ठरते.

प्रस्तुत लेखात हा विचार मुख्यतः एका ग्रंथाच्या आधारे मांडायचा आहे. तो ग्रंथ म्हणजे लखनौच्या नवलकिशोर छापखान्यातून १८८३ ते १८९३ या काळात खंडशः प्रसिद्ध झालेला 'तिलिस्म-ए-होशरुबा'. त्याचे पहिले चार खंड मुहम्मद हुसैन जाह यांनी लिहिले. पुढचे खंड, त्यांतील पाचवा दोन भागांत, अहमद हुसैन कमर यांनी पूर्ण केले. 'दास्तान-ए-अमीर हमजा' या प्रचंड कथाचक्राचा हा सर्वांत लोकप्रिय भाग. नवलकिशोर छापखान्याने ते सारे चक्र सेहेचाळीस खंडांत काढले आणि प्रत्येक खंड सरासरी नऊशे पृष्ठांचा होता. मराठी वाचकाला या प्रकारच्या वाङ्मयाची ओळख झाली ती कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी हाती घेतलेल्या 'अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टी'मुळे. हलबे यांची 'मुक्तामाला' (१८६१) आणि रिसबुडांची 'मंजुघोषा' (१८६८) या आपल्या प्रारंभीच्या कादंबऱ्या अद्भुताच्या त्याच हवेत वाढल्या. उर्दू दास्तान मात्र आपल्याकडे त्या प्रमाणात आली नाही, आणि म्हणून तिच्या काळाच्या कल्पनेशी आपला परिचय तोकडा राहिला.

२

दास्तानीचा नायक अमीर हमजा हा पैगंबरांचा चुलता. इतिहासातील हमजा इ. स. ६२५ मध्ये उहुदच्या लढाईत मारले गेले. दास्तानीतील हमजा मात्र इराणच्या नौशेरवान बादशहाच्या दरबारात वावरतो, त्याच्या मुलीवर प्रेम करतो, आणि काफ पर्वतावरील पऱ्यांच्या राज्यात अठरा दिवसांसाठी म्हणून जाऊन अठरा वर्षे अडकून पडतो. नौशेरवानाच्या कारकिर्दीचा काळ ५३१ ते ५७९ असा आहे. म्हणजे ऐतिहासिक हमजांच्या बालपणाबरोबर जो बादशहा निवर्तला, त्याच्याशी दास्तानीतील हमजा आयुष्यभर झुंजतो. कथाकारांनी इतिहासाचे हे सांधे बेफिकीरपणे मोडले. शतकानुशतके फारसीत आणि पुढे उर्दूत या कथेत नवे बेटे, नवे राक्षस, नवे वंशज भरले गेले. अकबराने या कथेची सचित्र प्रत करविली, तिच्यात सुमारे चौदाशे चित्रे होती आणि ते काम पूर्ण व्हायला जवळजवळ पंधरा वर्षे लागली.

इतक्या स्वैर विस्तारात दोन टोके मात्र पक्की राहिली. एक जन्माचे आणि दुसरे मृत्यूचे. हमजाला 'साहिबकिरान' असे बिरुद आहे. 'किरान' म्हणजे ग्रहांची युती. शुभ युतीचा स्वामी असा या बिरुदाचा अर्थ. तैमूरने ते धारण केले होते आणि शहाजहानाने स्वतःला 'दुसरा साहिबकिरान' म्हणवून घेतले. नायकाच्या नावातच एक मुहूर्त कोरलेला असावा, ही गोष्ट अर्थपूर्ण आहे. दास्तानीत नौशेरवानाचा शहाणा वजीर बुजुर्जमिहर ज्योतिषाने जाणतो की मक्केत एक मूल जन्माला येणार आहे, आणि ते बादशहाचे गेलेले सिंहासन परत मिळवून देणार आहे. तो मक्केस जातो आणि त्या दिवशी जन्मणाऱ्या मुलांच्या पालनासाठी द्रव्य देऊ करतो. ते ऐकून एक सेवक धावत घरी जातो आणि त्या सोन्याच्या लोभाने आपल्या गरोदर पत्नीच्या पोटावर लाथ मारून तिला अवेळी प्रसूत करवितो. ती मरते; मूल जगते. ते मूल म्हणजे अमर ऐयार, हमजाचा जन्माचा सोबती आणि दास्तानीतील सर्वांत जिवंत पात्र.

हा प्रसंग क्रूर आहे, आणि दास्तानीच्या रीतीप्रमाणे तो हास्याच्या अंगानेही सांगितला जातो. पण त्यातील काळाची कल्पना पाहण्यासारखी आहे. एक मूल ग्रहांनी नेमलेल्या क्षणी जन्मते. दुसरे त्या क्षणात बळाने ढकलले जाते. पुढे साऱ्या कथेत ही जोडी टिकते: एकाच्या नावावर विधिलिखित आहे, दुसऱ्याजवळ फक्त चातुर्य आहे.

दुसरे टोक उहुदचे. कथेत हमजा कितीही वेळा वेढला गेला, कितीही वेळा जादूने बांधला गेला, तरी तो तेथे मरणार नाही, हे श्रोत्यांना ठाऊक असते. त्याचे मरण खऱ्या इतिहासाने राखून ठेवलेले आहे. कल्पित सृष्टी वास्तवाला एकाच खिळ्याने जोडलेली असावी आणि बाकी सारी मोकळी सुटलेली असावी, अशी ही रचना. कोणाही दास्तानगोने, म्हणजे दास्तान सांगणाऱ्याने, तो खिळा उपटला नाही.

३

'तिलिस्म-ए-होशरुबा'मध्ये आणखी एक अटळ क्षण येतो, आणि तो इतिहासातून आलेला नाही. तो या कल्पित सृष्टीच्या स्वतःच्या नियमातून निघतो.

'तिलिस्म' हा शब्द अरबीत ग्रीकमधून आला. मंत्राने भारलेली वस्तू हा त्याचा मूळ अर्थ. दास्तानीत तो जादूने रचलेल्या संपूर्ण प्रदेशाला लावला जातो. होशरुबा, म्हणजे शुद्ध हरपून टाकणारा, हा असा एक विशाल तिलिस्म. त्याचे तीन भाग: दृश्य प्रदेश, गुप्त प्रदेश आणि अंधाराचा प्रदेश. दृश्य आणि गुप्त यांच्या मधून रक्ताची नदी वाहते आणि तिच्यावर धुराचा पूल आहे. या साऱ्या वैभवाला एक अट आहे. प्रत्येक तिलिस्माचे आयुष्य ठरलेले असते. ज्या जादूगारांनी तो बांधला त्यांनीच तो कोणाच्या हातून मोडेल हेही नेमून ठेवलेले असते, आणि तो मोडण्याची रीत एका 'लौह'वर, म्हणजे पाटीवर, लिहून ती पाटी दडवून ठेवलेली असते. नेमलेला वीर तो 'तिलिस्मकुशा', तिलिस्म उघडणारा. होशरुबाचा तिलिस्मकुशा हमजाचा नातू शहजादा असद आहे. अशा रीतीने या सृष्टीच्या पायाच्या दगडावरच तिच्या अंताचे नाव कोरलेले आहे.

होशरुबाचा बादशहा अफरासियाब हे जाणतो. त्याच्याइतका काळाने वेढलेला खलनायक आपल्या वाङ्मयात क्वचित सापडेल. त्याच्या तळहातांवर त्याचे भाग्य उमटते: डावा हात अशुभ वेळ सांगतो, उजवा शुभ. तिलिस्माच्या आत व बाहेर काय घडत आहे ते सांगणारा सामरीचा ग्रंथ त्याच्याजवळ आहे. संकटसमयी त्याच्या जागी उभे राहणारे त्याचे मायावी तोतये आहेत. त्याने आपल्या आधीच्या बादशहाला, लाचीनला, कैदेत टाकून सिंहासन बळकावले आहे. म्हणजे सत्तेचा क्रम बदलता येतो, याचा अनुभव त्याच्या गाठी आहे. ज्याने एकदा घटनाक्रम मोडला, त्याला शेवटचा क्षणही मोडता येईल असे वाटावे, हे स्वाभाविकच. क्षणाक्षणाची वार्ता त्याच्याजवळ असते. एक क्षण मात्र त्याला हलवता येत नाही.

मराठी वाचकाला येथे कंस आठवेल. आकाशवाणीने आठव्या पुत्राचा निर्देश केला, आणि तो टाळण्यासाठी कंसाने जे जे केले त्यानेच तो क्षण जवळ आला. त्याहून जवळचे उदाहरण गांधारीच्या शापाचे. युद्धानंतर छत्तिसाव्या वर्षी यादवकुलाचा नाश होईल असे ती म्हणते, आणि कृष्ण ते स्वीकारतो. तथापि एक भेद लक्षात घेतला पाहिजे. युगे आणि मन्वंतरे यांच्या आपल्या चक्रात प्रलय सर्वांना समान असतो. तो कोणा एका माणसाच्या कृतीची वाट पाहत नाही. तिलिस्माचा अंत मात्र एका नावाशी आणि एका कृतीशी बांधलेला आहे. वेळ भरली तरी कोणीतरी पाटी शोधावी लागते, नदी ओलांडावी लागते, लढावे लागते. अंत निश्चित असला तरी तो आपोआप येत नाही. या कल्पित सृष्टीच्या काळाचे हे मर्म आहे.

४

आता असदचे काय होते ते पाहू. ज्याच्या नावावर सारे लिहिले आहे तो शहजादा होशरुबात शिरतो आणि थोड्याच काळात पकडला जातो. कथेचा मोठा भाग तो कैदेत काढतो. मग इतके खंड भरतात कशाने? ते भरतात अमर आणि त्याच्या सोबतच्या ऐयारांनी, आणि अफरासियाबचा पक्ष सोडून आलेल्या महरुख, बहार यांसारख्या जादूगारणींनी. ऐयार म्हणजे हेर, सोंगाडे आणि चोर यांचे मिश्रण. ते स्वतः जादू करीत नाहीत. वेशांतर, गुंगीचे औषध, धावण्याची चपळाई आणि बोलण्याची हातोटी एवढेच त्यांचे भांडवल. महरुख आणि बहार जादू जाणतात, पण तिलिस्म मोडण्याचा अधिकार त्यांना नाही. यांच्यापैकी कोणाचेही नाव त्या पाटीवर नाही. आणि तरीही, नेमलेला क्षण येईपर्यंत शत्रूला झुंजत ठेवण्याचे, आपली छावणी राखण्याचे, दररोज एक पराभव टाळण्याचे काम हेच लोक करतात.

माझ्या मते 'होशरुबा'चा खरा विषय हा आहे. शेवट शहजाद्याचा, पण मधला सारा काळ इतरांचा. अंत ठरलेला असल्यामुळे त्यांच्या कृती व्यर्थ होत नाहीत. उलट, 'काय होणार' हा प्रश्न आधीच मिटल्यामुळे 'कसे, किती काळ, कोणाच्या किमतीवर' हे प्रश्न श्रोत्यांपुढे मोकळेपणाने उभे राहतात. गीतेच्या अकराव्या अध्यायात अर्जुन योद्ध्यांना काळाच्या मुखात शिरताना आधीच पाहतो, आणि तरीही त्याला धनुष्य उचलावे लागते. तेथे निमित्त होण्याचा मान अर्जुनाला मिळतो. दास्तानीत तो मान असदचा. अमर आणि त्याचे ऐयार निमित्तही नाहीत. विधिलिखितात ज्यांना स्थान नाही अशा माणसांना कथेत इतके स्थान देणे, हे या वाङ्मयाचे वैशिष्ट्य मानले पाहिजे.

दास्तान सांगण्याच्या कलेशीही याचा संबंध आहे. दास्तानगोंमध्ये 'दास्तान रोखणे' ही कौशल्याची कसोटी मानली जात असे. नायक आणि नायिका यांच्यामध्ये केवळ एक पडदा उरला आहे, आणि तो दूर होण्याआधी कथाकाराने अनेक रात्री त्याच क्षणाभोवती वर्णने गुंफली, अशी दंतकथा सांगतात. ज्याचा शेवट ठाऊक नाही अशी कथा इतकी रोखता येत नाही. श्रोता अधीर होतो. शेवट ठाऊक असेल तरच थांबण्यात रस निर्माण होतो. कीर्तनाच्या आख्यानात बसलेल्या आपल्या श्रोत्यालाही सीतेचे काय होणार हे माहीत असतेच.

या वाङ्मयावरचा सर्वांत वजनदार आरोप प्रेमचंदांचा. १९३६ साली लखनौमध्ये प्रगतिशील लेखकांच्या अधिवेशनात अध्यक्षपदावरून बोलताना त्यांनी 'फसाना-ए-अजायब', 'बोस्तान-ए-खयाल' आणि 'चंद्रकांता संतति' यांचा उल्लेख करून अशा कथांचा हेतू केवळ मनोरंजनाचा आणि अद्भुताची हौस भागवण्याचा होता, जीवनाशी त्यांचा संबंध नव्हता, असे प्रतिपादन केले. हे म्हणणारा लेखक बाहेरचा नव्हता. गोरखपूरला असताना, कोवळ्या वयात, एका पुस्तकविक्रेत्याच्या दुकानात बसून आपण 'तिलिस्म-ए-होशरुबा' वाचून काढल्याचे त्यांनी स्वतः नमूद केले आहे. त्यांच्या आरोपाला ऐतिहासिक कारण होते; शेतकऱ्याचे कर्ज आणि जमीनदाराची सत्ता हे विषय साहित्यात आणायचे तर जुन्या मायानगरीचे दार काही काळ बंद करणे भाग होते. पण त्यामुळे एक गैरसमज रुजला. नियती मानणारी कथा म्हणजे माणसाला निष्क्रिय करणारी कथा, असे समीकरण आपण स्वीकारले. कलीमुद्दीन अहमद, ज्ञानचंद जैन आणि विशेषतः शम्सुर्रहमान फारुकी (मृत्यू २०२०) यांनी दास्तानीचा तिच्या स्वतःच्या नियमांनुसार विचार केला आणि कादंबरीच्या मापाने तिला मोजण्यातील चूक दाखवून दिली.

येथे आणखी एका मोहाविषयी बोलले पाहिजे. अवधचे राज्य १८५६ मध्ये खालसा झाले, पुढच्या वर्षी उठाव झाला आणि १८५८ मध्ये त्याच लखनौत मुन्शी नवलकिशोर यांनी छापखाना काढला. वैभवशाली पण अंत ठरलेल्या राज्याची कथा त्या शहरात पंचवीस वर्षांनी इतक्या आवडीने वाचली जावी, हा योगायोग डोळ्यांत भरतो. पण होशरुबा म्हणजे अवध, असे सरळ रूपक मांडणे धोक्याचे आहे. कथेची सहानुभूती तिलिस्म मोडणाऱ्यांच्या बाजूने आहे, राखणाऱ्याच्या नव्हे. आणि जाह यांच्या आधी मीर अहमद अली यांच्यासारखे दास्तानगो हे आख्यान मुखाने सांगत होतेच. इतकेच म्हणता येईल की, एक राज्य डोळ्यांदेखत नाहीसे होताना ज्यांनी पाहिले, त्या वाचकांना अफरासियाबच्या धडपडीतील व्यर्थता आणि भव्यता दोन्ही ओळखीच्या वाटल्या असाव्यात.

५

देवकीनंदन खत्री यांच्या 'चंद्रकांता'मध्ये तिलिस्म हिंदीत आला. १८८८ पासून ही कादंबरी प्रसिद्ध होऊ लागली. ती वाचण्यासाठी अनेकांनी नागरी लिपी शिकल्याचे सांगितले जाते. खत्री यांनी काशीजवळच्या चकिया आणि नौगढच्या जंगलांचे ठेके घेतले होते. तेथील पडके किल्ले, खोरी आणि भुयारे त्यांच्या तिलिस्माचा भूगोल बनली. नौगढचा राजकुमार वीरेंद्रसिंह आणि विजयगढची राजकन्या चंद्रकांता यांच्या प्रेमाची ही कथा. चंद्रकांता तिलिस्मात अडकते, आणि तो मोडल्याखेरीज ती सुटणार नसते.

खत्री यांनी केलेला बदल मूलगामी आहे. त्यांच्या तिलिस्मात जादू नाही. कळी, चाके, झरोके, रसायने आणि पुतळे आहेत. आणि अटळ क्षणाचा उगमही बदलतो. एखाद्या संपन्न राजाला आपला खजिना अयोग्य हाती जाऊ नये असे वाटते. तो ज्योतिषी, वैद्य, कारागीर आणि तांत्रिक यांना एकत्र करतो. वंशात पुढे केव्हा आणि कोण पराक्रमी पुरुष जन्मेल याचा शोध घेतो, आणि त्याच्या नावाने तिलिस्म बांधवितो. हे स्पष्टीकरण खुद्द कथेतच येते. ज्योतिषाला अद्याप जागा आहे, पण तो आता कारागिरांच्या शेजारी बसला आहे. अटळ क्षण विश्वाच्या रचनेतून निघून पूर्वजाच्या इच्छापत्रात आला. 'चंद्रकांता संतति'मध्ये वीरेंद्रसिंहाचे पुत्र इंद्रजीतसिंह आणि आनंदसिंह आपल्या वाट्याचा तिलिस्म मोडतात, तेव्हा ते जग जिंकत नाहीत. ते वारसा ताब्यात घेतात.

आणि येथेही मधला काळ ऐयारांचाच राहतो. 'संतति'त भूतनाथ हा स्वतःच्या भूतकाळाने पछाडलेला ऐयार हळूहळू राजपुत्रांहून मोठा होत जातो, इतका की खत्री यांना त्याच्या नावाने स्वतंत्र कादंबरी आरंभावी लागली. ज्याच्या नावाने काही बांधून ठेवलेले नाही अशा माणसाकडे कथेचा ओढा असतो, हा 'होशरुबा'तील नियम येथेही खरा ठरतो.

६

यानंतर वास्तववादी कादंबरीने अटळ क्षणाला रजा दिली. तिच्यातील माणसाचा उद्याचा दिवस लेखकालाही ठाऊक नसल्यासारखा लिहिला जाऊ लागला. पण कल्पित सृष्टी रचणाऱ्यांना हा प्रश्न सोडता आला नाही. काळप्रवासाच्या विज्ञानकथेत तो पुन्हा उभा राहिला. १९६३ पासून ब्रिटिश दूरचित्रवाणीवर आलेल्या 'डॉक्टर हू' या मालिकेच्या २००८ मधील एका कथेत काळप्रवासी नायक इ. स. ७९ मधील पाँपेईत पोहोचतो. ज्वालामुखीच्या उद्रेकाची तारीख तो जाणतो. काळातील काही बिंदू प्रवाही असतात आणि काही स्थिर, आणि स्थिर बिंदूला हात लावता येत नाही, असा त्या सृष्टीचा नियम आहे. नगर वाचवता येत नाही. एक कुटुंब मात्र वाचवता येते. उहुदच्या खिळ्याशी याचे नाते लगेच जाणवते: इतिहासाने दिलेला एक क्षण कायम ठेवायचा आणि त्याच्या अवतीभोवती माणुसकीला जेवढी जागा मिळेल तेवढी शोधायची.

मराठीत जयंत नारळीकरांनी (मृत्यू २०२५) याच्या नेमके उलट टोक गाठले. 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक अशा एका जगात जाऊन पडतात, जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना गोळी लागलेली नाही आणि मराठे पानिपत हरलेले नाहीत. मराठी मनात पानिपताइतका घट्ट रुतलेला क्षण दुसरा नाही. बखरी, पोवाडे, म्हणी, बोलीतील वाक्प्रचार यांनी तो अडीचशे वर्षे तसाच धरून ठेवला. नारळीकरांच्या सृष्टीत तोच क्षण सैल होतो. गोळी थोडी बाजूने जाते आणि काळाला दुसरी शाखा फुटते. नियम आता ग्रहांचा नाही, पूर्वजांच्या इच्छेचाही नाही. तो अनिश्चिततेचा आहे.

या तीन अवस्था एकापुढे एक ठेवल्या म्हणजे एक ऐतिहासिक क्रम दिसतो. जाह आणि कमर यांच्या सृष्टीत अंत विश्वरचनेने ठरवला; खत्री यांच्या सृष्टीत तो पूर्वजाने योजला; नारळीकरांच्या सृष्टीत तो एका गोळीच्या वाटेवर अवलंबून राहिला. हा क्रम अज्ञानाकडून ज्ञानाकडे जाणारा आहे असे म्हणून समाधान मानणे सोपे आहे. परंतु प्रत्येक टप्प्यावर काहीतरी मागेही राहते. जेथे एका गोळीने सारे बदलू शकते, तेथे त्या दिवशी रणांगणावर उभ्या असलेल्या हजारो इतर माणसांच्या श्रमाला कथेत जागा उरत नाही. सगळे महत्त्व त्या एका क्षणाकडे वाहत जाते. अंत आधीच ठरलेल्या होशरुबात मात्र नाव नसलेल्या ऐयारांना खंडच्या खंड मिळाले. २००५ पासून दास्तानगोईचे जे नवे प्रयोग रंगमंचावर होत आले, त्यांत श्रोत्यांची दाद मिळते ती बहुधा अमरच्या एखाद्या फसवणुकीला. असद तिलिस्म मोडील की नाही, याची चिंता तेथे कोणीच करीत नाही. साहित्याच्या अभ्यासकांनी 'होशरुबा' पुन्हा उघडताना या गोष्टीपासून आरंभ करावा. अफरासियाबच्या तळहातावर काय उमटले हे वाचून झाल्यावर, त्या तळहाताच्या नजरेतून सुटून रात्रीच्या अंधारात छावणीबाहेर निघालेल्या ऐयाराच्या मागे जावे. कथा तिकडे चाललेली असते.